लाहोरचा थानेदार आणि आमचे नाना

जऊळक्याच्या स्टेशनावर गाडी जेमतेम थांबायची, आणि त्या दिवशी मला तेच हवं होतं. मीटरगेजची, अकोल्याकडे जाणारी गाडी. फलाटावर आमची पत्र्याची ट्रंक, वळकटी, दशम्यांचा डबा आणि नाना, म्हणजे माझे वडील. आई स्टेशनावर आली नव्हती. तिनं घरीच उंबऱ्यात माझी ओटी भरली आणि कोणी काही बोलायच्या आत ती चुलीकडे निघून गेली. हे, म्हणजे माझे यजमान, मला न्यायला थेट अमृतसरहून आले होते आणि तिथल्या थंडीच्या गोष्टी सांगून नानांचं मन रमवू पाहत होते. नाना ऐकत नव्हते. लांबवर इंजिनाचा धूर दिसला तेव्हा माझ्याकडे न बघता ते म्हणाले, "मांगं पाहू नको, सुलू. मांगं पाह्यण्यासारखं काई राह्यलं नाई."

माहेर सोडताना बायका रडतात म्हणे. मी रडले नाही. गाडी हलली आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो असा की आता बाजाराच्या दिवशी नाना दुकानाच्या फळ्या काढताना मला दिसणार नाहीत. सुटले बाई, असं मी स्वतःशी म्हणाले. दुष्काळ सरून दोन वर्षं झाली होती, शेतांत ज्वारी उभी होती, खिडकीतून सगळं हिरवं दिसत होतं, आणि मला त्यातलं काहीही नको होतं.

गावात राहिलेल्यांनो, हे मी तुमच्यासाठी लिहिते आहे, आणि माझ्यासारख्या निघून गेलेल्यांसाठीही. गावाचं नाव लिहीत नाही, कारण तिथं अजून माणसं राहतात आणि त्यांना रोज एकमेकांची तोंडं बघायची असतात. तुम्ही नानांना देवमाणूस म्हणता, त्यांच्या क्षमेची गोष्ट मंदिरात पोरांना सांगता, असं कानावर येतं. सांगा बापडे. पण ती गोष्ट तुम्हाला अर्धीच ठाऊक आहे.

आमचं किराण्याचं दुकान बाजाराच्या तोंडाशी. गावात जैनांची घरं मोजकीच, पण बाजाराच्या दिवशी दुकानापुढे पाय ठेवायला जागा नसे. माझा धाकटा भाऊ धन्यकुमार, घरात धनू, रिसोडला मॅट्रिक करून आला आणि गल्ल्यावर बसू लागला. त्याच्या हाताला गिऱ्हाईक खूश असायचं, कारण तो तराजू जरा झुकताच धरायचा आणि नाना त्याच्यावर डोळे वटारायचे. काळा गूळ आणि नवसागर या दोन वस्तूंचं मोठं गिऱ्हाईक म्हणजे तुळशीराम. नाल्याच्या काठी त्याच्या हातभट्ट्या चालायच्या. त्या गुळाचं आणि नवसागराचं पुढं काय होतं हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. दुकानदारही जाणून होते. माल विकला की आपला संबंध संपला, असं सगळेच म्हणायचे. नानाही तेच म्हणायचे.

त्या चातुर्मासात धनूनं नियम घेतला. आमच्यात चातुर्मासात काही ना काही सोडतातच. कोणी वांगं सोडतं, कोणी गोड सोडतं, आईनं त्या वर्षी हिरव्या मिरच्या सोडल्या होत्या. धनूनं तुळशीरामाला गूळ देणं सोडलं. मोठा विचार करून, असं काही नाही. तो काही साधुपुरुष नव्हता. दिवाळी होऊन चातुर्मास संपला असता तर बहुधा पुन्हा देऊही लागला असता. पण त्याचं बघून आणखी एक-दोन दुकानदारांनी हात आखडता घेतला आणि तुळशीरामाच्या भट्ट्या थंड पडू लागल्या. श्रावणातल्या एका भर बाजारात तुळशीराम कुऱ्हाडीचा दांडा घेऊन आला. धनू बाहेर पोत्यांपाशी उभा होता. दोनच तडाखे. वाशिमच्या वाटेवर, जीपमध्ये, नानांच्या मांडीवर तो गेला.

बाजारात शेकड्यांनी माणसं होती. पोलिसांनी विचारलं तेव्हा कळलं की त्या वेळी अख्ख्या बाजाराचं लक्ष वांग्यांत आणि मेथीच्या जुड्यांत होतं. कोणी खाली वाकलं होतं, कोणी सुट्टे पैसे देत होतं, कोणाची म्हैस सुटली होती. फक्त सखाराम माळी बोलला. आमच्या दुकानासमोर त्याचा भाजीचा पथारा असायचा, गावाबाहेर त्याची विहीर आणि लहानसा मळा होता. "म्या पाह्यलं," एवढंच तो म्हणाला, आणि शेवटपर्यंत तेच म्हणत राहिला.

फौजदार तरुण होता, पुण्याकडचा. त्यानं तुळशीरामाला धरला, दांडा जप्त केला, कागद नीट केले. पुढं तुळशीराम जामिनावर सुटून आला तेव्हा फौजदारानं नानांना बजावून सांगितलं होतं, "काका, निकाल लागेपर्यंत त्याच्याशी चकार शब्द बोलायचा नाही. भांडायचं नाही आणि गोडही बोलायचं नाही." नाना हो म्हणाले होते. त्यांना खरंच हो म्हणायचं होतं.

दुसऱ्या वर्षी भाद्रपद आला. आमची दहा दिवसांची दशलक्षणं झाली, आणि त्यानंतर क्षमावणी. त्या दिवशी आम्ही दारोदार जाऊन हात जोडतो आणि वर्षभरात कळत-नकळत झालेल्या चुकीची क्षमा मागतो. बहुतेक जण आपापल्यांतच जातात. नाना मात्र लहानपणापासून गावातल्या सगळ्या घरी जायचे. पाटलाकडे, कुंभाराकडे, मशिदीशेजारच्या शिंप्याकडे. लोकांनाही त्याची सवय झाली होती, बाया-माणसं आधीच ओटा झाडून ठेवायची. त्या दिवशी नाना पांढरं धोतर नेसून निघाले आणि एकेक घर घेत घेत तुळशीरामाच्या ओट्यापुढे जाऊन उभे राहिले. तो न्हाव्याकडून दाढी करून घेत होता. आजूबाजूला चार-सहा माणसं बसली होती. नानांनी हात जोडले. "कळत-नकळत माह्याकडून काई चुकलं असन, तं क्षमा करजो."

तुळशीराम क्षणभर गोंधळला म्हणे. मग तोंडाला साबण तसाच ठेवून मोठ्यानं म्हणाला, "आयकलं का रे समद्यायनं? नाना चुकलं म्हणून राह्यले."

घरी आल्यावर आईनं आकांत मांडला. "काहून गेले होते तुमी त्याच्या दारी? माह्या लेकराचं रगत लागलं त्या हाताले!" नाना खांबाला टेकून बसले होते. ते म्हणाले, "एक दार सोडून क्षमावणी होत नाई." आई उठून दिवा लावायला गेली; तीही तशाच घरात वाढली होती, जिथं हे असंच शिकवतात. दुसऱ्या कोणाच्या हातून ही चूक झाली नसती. आमच्याच हातून होऊ शकत होती.

कोर्टात तुळशीरामाच्या वकिलानं सखारामाला फार छेडलं नाही. नानांना पिंजऱ्यात घेतलं आणि तो अगदी गोड बोलू लागला. आरोपीच्या घरी तुम्ही हात जोडायला गेला होता का? नाना म्हणाले, हो. काय म्हणालात? नानांनी शब्द न् शब्द सांगितला. चूक कोणाकडून झाली असेल म्हणालात? माझ्याकडून. आरोपीकडून झाली असेल असं म्हणालात? नाही. आमच्या बाजूच्या सरकारी वकिलानं मध्ये उठून रिवाज समजावून सांगितला, दरवर्षी जातात, सगळीकडे जातात, पण तो जितकं समजावत होता तितकं ते लंगडं वाटत होतं. खोटं बोलायचं नाही हेही नानांनी त्याच दहा दिवसांत म्हणून घेतलं होतं. एक नाही म्हटलं असतं तर भागलं असतं. मुलाच्या खुन्यापुढे बाप स्वतः चुकलो म्हणून हात जोडतो, त्या बापाला खून कोणी केला याची तरी खात्री आहे का, असं वकिलानं विचारलं, आणि सखाराम एकटा पडला. संशयाचा फायदा देऊन तुळशीरामाला सोडलं. त्याच्या माणसांनी त्याला जीपवर उभा करून गावात आणला.

त्यानंतरची एक संध्याकाळ तुम्हाला कोणालाच ठाऊक नाही. यांची अमृतसरला एका मिलच्या कापूस खरेदीत नोकरी लागली होती, ते पुढं गेले होते, म्हणून मी माहेरी होते. दिवेलागणीला फौजदार साध्या कपड्यांत, सायकलवर आला. दुकान बंद करायची वेळ. मी मधल्या दाराच्या पडद्यामागे होते.

"काका, माझी बदली झालीय," तो म्हणाला. "जायच्या आधी त्याला दारूच्या केसमध्ये पुन्हा उचलतो. नाल्याच्या काठानं आणायचा. पळायला लागला, असं सांगता येतं. तुम्ही काही करायचं नाही. फक्त मला नाही म्हणू नका."

नानांनी हातातली फळी खाली ठेवली. मी पडदा मुठीत धरला होता. मग ते म्हणाले, "नाई, साहेब."

"बोलू नका. नुसती मान हलवा."

"नाई."

फौजदारानं सायकल वळवली आणि तो गेला. मला त्या क्षणी नानांचा जेवढा राग आला तेवढा तुळशीरामाचाही आला नव्हता. तुळशीरामानं मारला तो मारला, पण नानांनी त्याला दोनदा वाचवला, एकदा हात जोडून आणि एकदा नाही म्हणून. याच रागात मी जऊळक्याला गाडीत बसले होते.

अमृतसरला आम्हाला एका गल्लीत माडीवरची खोली मिळाली. खिडक्यांच्या काचांवर लढाईत लावलेला काळा रंग अजून पुरता खरवडला नव्हता. पहिलं वर्ष मी तिथल्या माणसांना घाबरूनच काढलं. सगळे मोठ्यानं बोलायचे, मोठ्यानं हसायचे, आणि जेवायला बसवलं की ताटातून हात काढू द्यायचे नाहीत. ज्वारीची भाकरी कुठं मिळेना. मी मक्याची रोटी थापायला शिकले, मंजीवर, म्हणजे तिथल्या बाजेवर, निजायला शिकले, कांदा-लसूण न घातलेली भाजी शेजारणींना खिलवून त्यांची चेष्टा ऐकायला शिकले. घरमालकीण म्हणजे बीजी. फाळणीत लाहोरहून आलेली, उंचीपुरी, विधवा. तिनं मला सुलोचना कधी म्हटलं नाही, सलोनी म्हणायची. गल्लीतला पहिला टीव्ही तिचाच.

त्या टीव्हीला लाहोर दिसायचं. अमृतसरहून लाहोर हाकेच्या अंतरावर. बांबूला बांधलेला अँटेना कोठ्यावर, म्हणजे छतावर, उभा असायचा. तो लाहोरच्या दिशेला फिरवायला बीजीचा पुतण्या वर चढायचा आणि खालून सगळे ओरडायचे, "थोडा होर! बस, बस!" लढाई होऊन गेली होती, पण आठवड्यातून एका संध्याकाळी अख्खी गल्ली शत्रूच्या टीव्हीपुढे मांडी घालून बसायची. त्या दिवशी थानेदारवालं नाटक असायचं.

थानेदार म्हणजे लाहोरच्या कुठल्याशा ठाण्याचा अंमलदार. बारका, खोकणारा, बायको नसलेला माणूस. दर आठवड्याला त्याच्यापुढे एक गुन्हा यायचा, तो गुन्हेगार धरायचा, आणि वरून फोन यायचा की सोडून दे. कधी साक्षीदार फिरायचे, कधी वकील गोड बोलायचा. मला उर्दू अर्धीमुर्धी कळायची, तरी ते सगळं इतकं कळायचं की अंगावर काटा यायचा. बीजी नाटक बघायचीच नाही, ती थानेदाराच्या मागे दिसणाऱ्या गल्ल्या बघायची. "ऐ साड्डी गली ऐ," ही आमची गल्ली, असं दर वेळी म्हणायची आणि दर वेळी ती दुसरीच गल्ली निघायची. मी मात्र थानेदाराच्या जागी आमचा फौजदार बघायचे आणि कठड्यातल्या गुंडाच्या जागी तुळशीराम. भाजी निवडता निवडता माझ्या तोंडून "मार त्याले, मार की रे" असं निघून जायचं. पुढं पुढं नाटकात थानेदार खरोखरच बदलला. सोडून द्यावा लागलेला एक गुंड सकाळी कालव्यात सापडला, मग दुसरा. थानेदार तसाच खोकत ठाण्यात बसलेला असायचा. गल्लीतल्या बायका त्याच्या दीर्घायुष्यासाठी गुरुद्वाऱ्यात मत्था टेकून आल्या, चेष्टेनं नाही, खरंच.

अशात नाना आले. आईनं त्यांना बळेच पाठवलं होतं. स्टेशनावर उतरलेला माणूस मी ओळखलाच नाही. धोतराच्या आत काही उरलं नव्हतं. इथंच झालेल्या माझ्या पोराला त्यांनी उचलून घेतलं आणि लगेच खाली ठेवलं. दोन दिवस ते पाणी गाळायच्या फडक्याविषयी आणि सूर्यास्ताच्या वेळेविषयीच बोलले. इकडे सूर्य उशिरा मावळतो याचं त्यांना फार नवल वाटलं. तिसऱ्या दिवशी जेवता जेवता घास तसाच हातात धरून म्हणाले, "सखाराम गेला."

सखारामाचा मळा कोणीतरी उपटला होता. वांग्याची, टमाट्याची सगळी झाडं मुळासकट काढून बांधावर ओळीनं मांडून ठेवली होती. सखारामानं तक्रार दिली. त्यानंतर तो त्याच्याच विहिरीत सापडला. ठाण्यात आता दुसरा फौजदार होता. पाय घसरला, असं कागदावर आलं.

"माळ्याचा पाय घसरते का कधी त्याच्याच विहिरीत?" नाना म्हणाले. "अंधारातबी उतरे तो. डोये बांधून उतरे."

हे रोटी मोडत बसले. नानांनी घास ताटात ठेवला आणि हात धुतले.

त्या आठवड्यात नाटकाच्या दिवशी बीजी खालूनच ओरडली, "सलोनी, बाऊजी नूं वी लै आ!" वडिलांनाही घेऊन ये, म्हणाली. नानांनी सिनेमासुद्धा कधी बघितला नव्हता. पण पाहुण्यानं नाही कसं म्हणावं, म्हणून आले. उजेड असतानाच त्यांचं जेवण झालं होतं. खोलीत पन्नासेक माणसं कोंबली होती, नाना मागं भिंतीशी पाटावर बसले, मी त्यांच्या शेजारी. मी त्यांना हळू आवाजात गोष्ट सांगू लागले, पण त्यांनी हातानं मला थांबवलं. त्यांना कळत होतं.

त्या दिवशीचा गुंड लहान मुलीला मारून सुटलेला होता. थानेदार त्याला जीपमधून कालव्याच्या काठानं घेऊन चालला होता. मध्येच त्यानं जीप थांबवली, गुंडाला उतरवलं, हातकडी काढली आणि म्हणाला, "भाग." गुंड समजला. तो पळाला नाही. गुडघ्यांवर बसला आणि त्यानं हात जोडले. थानेदारानं गोळी घातली. पडदा जरा फडफडला, पांढऱ्या रेघा आल्या, वरून पुतण्यानं अँटेना सावरला आणि चित्र परत आलं. गुंड पडलेला होता. खोलीत टाळ्या वाजल्या. बायका रडत होत्या, कोणीतरी शिट्टी मारली.

टाळ्या थांबल्यावर माझ्या शेजारून आवाज आला, मोठा, स्वच्छ, दुकानात पोत्यावरच्या हमालाला सांगावं तसा. "अजून एक घाल. हालून राह्यला तो."

सगळ्यांनी मागं वळून बघितलं. नाना पुढं झुकले होते. त्यांचे डोळे पडद्यावर होते आणि दोन्ही मुठी गुडघ्यांवर आवळलेल्या. बीजीनं विचारलं, "की कैंदे ने बाऊजी?"

"अच्छा नाटक है, कहते हैं," मी म्हणाले.

वर आल्यावर नाना बाहेरच्या मंजीवर बसले. मी पाणी दिलं, त्यांनी ते बाजूला ठेवलं. "त्या दिवशी मान हलवाले पायजे होती म्या," ते म्हणाले. "फौजदार आला होता, तुले ठाव नाई. त्यानं पुसलं होतं मले. म्या नाई म्हटलं. सखाराम जिता असता, सुलू."

मला ठाऊक होतं हे मी सांगितलं नाही. हे वाक्य त्यांच्या तोंडून ऐकायला मी किती वर्षं तळमळत होते. स्वयंपाक करताना, पोराला निजवताना, त्या टीव्हीपुढे बसून मनातल्या मनात मी त्यांच्याशी भांडत होते आणि दर भांडणाच्या शेवटी ते हेच बोलायचे. आता ते खरंच बोलले. मला वाटलं होतं, मला बरं वाटेल. मला भीती वाटली. मी रागावून निघून आले होते, पण रागावायला तरी मागं कोणीतरी उभं आहे, असं मी धरून चालले होते. पडद्यामागून ऐकलेलं ते "नाई, साहेब" मला जन्मभर खुपलं आणि त्याच्याच भरवशावर मी इथं परक्या मुलखात पाय रोवून राहिले होते, हे मला त्या मंजीपाशी उभं राहिल्यावर कळलं. तो माणूस आता उरला नव्हता. धनूला तुळशीरामानं एकदाच मारलं. नानांना तो अजूनही मारतच होता, आणि मी इतके दिवस टीव्हीपुढे मार, मार म्हणत त्याच्याच बाजूनं हाका घालत होते.

नाना दशलक्षणांच्या आधी परत गेले. थांबा म्हटलं तर थांबले नाहीत. गाडीत बसताना माझ्या पोराच्या डोक्यावर त्यांनी हात ठेवला आणि काहीतरी पुटपुटले, ते गाडीच्या आवाजात ऐकू आलं नाही.

त्यानंतर ते दोन वर्षं होते. या दोन वर्षांच्या क्षमावणीचं तुम्ही कौतुक करता. पोटचं पोर गेलं, साक्षीदार गेला, तरी हा माणूस पांढरं धोतर नेसून त्याच दारात हात जोडायला गेला, अशी ती गोष्ट तुम्ही सांगता. गेले होते, खरं आहे. नाना वारल्यावर मी आईला अमृतसरला आणलं, तेव्हा तिनं मला राहिलेलं सांगितलं. मक्याच्या रोटीकडे बघत बसायची ती, खायची नाही, आणि मध्येच बोलायची. "समद्याच्या घरी जाऊन आले. त्याच्याबी. आले अन् राखेनं हात घासत बसले, कातडं निघेपावतो. म्या पुसलं, कायले जाता मंग? तं म्हणे, नाई गेलो तं त्याले समजन."

तुळशीरामाला काय समजेल, ते आईनं विचारलं नाही. मला विचारावं लागलं नाही. आपल्या मनात काय आहे ते त्या माणसाला कळू नये, आणि आईला घरात एकटं राहावं लागतं, म्हणून नाना हात जोडायला जात होते. तुम्ही पोरांना सांगता ती क्षमा नाना माझ्याकडे आले तेव्हाच जऊळक्याच्या गाडीत बसून निघून गेली होती. तुम्ही पाहिलं ते नुसतं भय होतं.

गावी का येत नाहीस, असं तुम्ही निरोपात विचारता. घर तर इथंच आहे, म्हणता. मी आले होते एकदा, आईला न्यायला आले तेव्हा. एस.टी. आता तुळशीरामाच्या ओट्यापुढेच थांबते, दुसरा थांबा नाही. ओट्यावर फरशी बसवलेली होती. भर उन्हाळ्याची दुपार, चार माणसं बसलेली, आणि तो मध्ये, पिकल्या मिशांचा, अंगानं सुटलेला. मी खाली उतरले, पोराचा हात धरला आणि मान खाली घालून निघाले. त्यानं ओळखलं.

"नानाची सुलू ना तू? लय मोठा माणूस होता नाना. असा माणूस होणार नाई आता." मग आत बघून ओरडला, "पाणी आण व, पोरगी उन्हातून आली."

मी थांबले. चारही माणसं माझ्याकडे बघत होती, आणि आमच्या दुकानाच्या बंद फळ्या तिथून दिसत होत्या, आत आई एकटी होती. माझे हात जोडले गेले. मी जोडले, असं म्हणायला मला आवडेल, पण ते आपसूक जोडले गेले. त्याच्या सुनेनं तांब्या आणला. आमच्यात चालत नाही असं न गाळलेलं पाणी, वर काडी तरंगत होती. आधी पोराला पाजलं, मग मी प्यायले, आणि तांब्या परत देताना, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात, पाणी गोड आहे म्हणाले.